बदामाच्या पानांची तिकिटं

बद्रीनाथकाकांनी एकतीस वर्षं एस.टी.त कंडक्टरकी केली. निवृत्त झाले, पण हात काही निवृत्त होईना. जुन्या बाजारातून त्यांनी तिकिटं पंच करायचा चिमटा पैदा केला आणि हर्सूलच्या घराच्या अंगणात बदामाचं पान गळलं रे गळलं की त्याला भोक पाडू लागले. "पुढं सरका" म्हणायचं, भोक पाडायचं, पान टोपलीत. घरच्यांना सवय झाली होती. माणूस कुणाच्या अध्यात ना मध्यात, मग बोलणार कोण?

त्यांची पुतणी श्रेया सिनेमाचं शिकत होती. तिच्या डोळ्यांत हे बरोब्बर भरलं. काकांवर शॉर्टफिल्म करायची म्हणाली, तर ते लाजून चूर.

"हाताचं काढ बाई. तोंडाचं नको."

तिनं गळ्याची शपथ घेतली.

भंगारातल्या एका एस.टी.त सीटासीटावर पानं बसवली. काका ती पंच करत पुढं गेले. फिल्ममध्ये ही पानं अ‍ॅनिमेशननं जांभया देत, खिडकीच्या जागेवरून भांडत. पण श्रेयानं शब्द पाळला नाही. सीटामागून चोरून तिनं काकांचा चेहराही टिपला, आणि तो इतका छान आला होता की ठेवूनच दिला.

शॉर्टफिल्म स्पर्धेच्या दिवशी उस्मानपुऱ्यातल्या हॉलमध्ये काका इस्त्रीचा सदरा घालून पहिल्या रांगेत बसले. पडद्यावर त्यांचा चेहरा आला आणि अख्खा हॉल पोट धरून हसला. मग टाळ्या, बक्षीस, सगळं झालं. श्रेयाला मात्र काकांकडे बघवेना. आपण या माणसाला चव्हाट्यावर आणलं, हे तिला तिथंच कळलं.

दुसऱ्या दिवशी ती माफी मागायला गेली. अंगणभर पानं तशीच पडली होती.

"काका, चुकलं माझं."

"अगं, सिनेमा लई भारी झाला," पायरीवर बसलेले काका म्हणाले. मग त्यांनी विचारलं, "मी खरंच असा येडा दिसतो का गं? इतकी वर्षं घरात कुणीच कसं बोललं नाय?"

श्रेयाला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तो चेहरा वेडा नव्हताच. दमलेल्या म्हाताऱ्या पॅसेंजरला 'कुठं उतरायचं?' विचारताना बघावं, तसे काका हातातल्या पानाकडे मायेनं बघत होते. तिनंच तो शॉट लांबवला, संथ केला आणि खाली गमतीदार पिपाणीचं संगीत लावलं, कारण तिला हशा हवा होता. हे सांगायला तिची जीभ रेटेना.

"नाही हो काका," एवढंच ती म्हणाली. ते खरं होतं, पण काकांना मुळीच पटलं नाही.