खुर्चीला घाबरलेला माणूस

मी पोलिसात होतो. नोकरीत खून पाहिले, दंगली पाहिल्या. पण खरी भीती वाटली ती एकदाच, आणि तीही हात जोडून हसणाऱ्या माणसांची.

नव्वदचं दशक सरत आलं होतं. मी नाशिकला सातपूर भागात सहायक निरीक्षक होतो. मे महिन्यातली सकाळ. हजेरी उरकून मी एका चोरीचे कागद बघत बसलो होतो, तेवढ्यात देवळाली कॅम्पहून एक बाई आली. तिची धाकटी बहीण सातपूरला राहायची, बहिणीचा नवरा कारखान्यात पाळीवर होता. घराला कुलूप होतं आणि बायको कुठे आहे ते नवरा सांगत नव्हता. शेजारीण मात्र आनंदाने म्हणाली होती, तुमच्या बहिणीला उभं राहायचा मान मिळाला.

या मानाचा अर्थ बाईला माहीत होता, म्हणून ती धावत ठाण्यात आली होती. कामगार वस्तीत तेव्हा एक नवाच पंथ निघाला होता. ते स्वतःला सोसकरी म्हणवत. कष्ट, दुखणं, हाल हाच त्यांचा देव. भेटले की एक म्हणायचा ‘सोसा’, दुसरा म्हणायचा ‘सोसू’. ही माणसं दारू पीत नाहीत, भांडत नाहीत. पोलिसाला आणखी काय हवं? म्हणून आम्ही कधी तिकडे फिरकलो नव्हतो. बाईने सांगितलं ते ऐकून माझ्या हातातला चहा तसाच राहिला. त्यांच्यात कुणी आजारी पडलं की औषध बंद. दुखणं फार वाढलं की त्या माणसाला उभं करायचं. बसायचं नाही, निजायचं नाही. बाकीच्यांनी समोर बसून त्याच्या पाया पडायचं. कोसळला तर तो देवाला पोचला. बहीण तापाने फणफणली होती.

“तिने नकार नाही का दिला?” मी विचारलं.

“साहेब, तिला नाय म्हणताच येत नाय,” बाई म्हणाली आणि रडायला लागली.

बहीण बेपत्ता असल्याची नोंद घेतली आणि नवऱ्याला कारखान्याच्या फाटकावरून उचलून आणलं. तिशीचा, सडपातळ, शांत. हवालदाराने आवाज चढवला, दम दिला, शेवटी त्याला आवारात उन्हात उभं केलं. एरवी एवढ्यावर भलेभले पाघळतात. या पठ्ठ्याचा चेहरा उजळत गेला. थोड्या वेळाने त्याने हवालदाराला वाकून नमस्कार केला. हवालदार आत आला आणि हळू आवाजात म्हणाला, साहेब, मला ह्याचं भ्या वाटतंय. मलाही वाटत होतं, पण अधिकाऱ्याला तसं म्हणता येत नाही.

मी पुन्हा त्या बाईला बोलावलं आणि पंथाचं जे काही ठाऊक असेल ते सगळं विचारलं. बोलता बोलता ती म्हणाली, बहिणीला उभं करायचं ठरल्यापासून मेव्हण्याने घरातल्या उशासुद्धा देऊन टाकल्या होत्या. घरच्या माणसाने सुख घेतलं की तेवढं दुःख उभ्या माणसाच्या अंगावर चढतं, अशी त्यांची समजूत.

मग मी नवऱ्याला माझ्या खोलीत आणवलं. माझ्या गादीच्या खुर्चीवर बसवलं, कूलर त्याच्याकडे वळवला, समोर उसाचा थंडगार रस ठेवला. तो उठायला गेला की हवालदार खांदा दाबून खाली बसवायचा. हळूहळू त्याच्या अंगाला कापरं भरलं. कूलरच्या वाऱ्यात त्याच्या कपाळावरून घाम गळत होता. मी आयुष्यात पुष्कळांना घाबरवलं आहे, पण मऊ खुर्चीला इतका भ्यालेला माणूस पाहिला नव्हता. रसाचा पेला मी त्याच्या ओठाशी नेला आणि त्याचा धीर सुटला.

“मला उठू द्या साहेब. तिच्यात आता काही राहिलं नाही. तिला हे सोसणार नाही.”

“कुठंय ती? सांग आणि ऊठ.”

औद्योगिक वसाहतीच्या टोकाला एक बंद पडलेलं वर्कशॉप होतं. पंच आणि महिला शिपाई घेऊन आम्ही जीप दामटली. शटर वर केलं तर भट्टीसारखी धग अंगावर आली. पत्र्याखाली तीस-चाळीस माणसं गुपचूप बसलेली. मधोमध ती पोरगी, वरून सोडलेल्या दोरीला दोन्ही हातांनी धरून उभी. पाय सुजून खांबासारखे झालेले, डोळे उघडे, पण नजर कुठेच नाही. पंथाच्या म्होरक्याने आपणहून मनगटं पुढे केली आणि गोड आवाजात सांगितलं, घट्ट लावा.

तिला उचलून जीपमध्ये ठेवलं आणि बाहेर बघतो तर सगळी मंडळी चाकांपुढे आडवी झालेली. ओरडा नाही, दगड नाही. सगळे हसत होते. एक म्हातारी माझ्याकडे बघून म्हणाली, “घाला की गाडी. वाट कशाची बघता?” ड्रायव्हरने गाडी बंद केली. त्यांना बाजूला करायला लाठी उगारली असती तर त्यांनी पाठ पुढे केली असती. आमच्याकडे जेवढी हत्यारं होती ती सगळी त्यांना प्रसादासारखी होती. शेवटी आम्ही पोरीला हातांवर घेतलं, मागच्या मोडक्या कुंपणातून मुख्य रस्त्यावर पळालो आणि एक रिक्षा थांबवली. तिचं अंग तव्यासारखं तापलं होतं. दवाखाना येईपर्यंत महिला शिपाई तिच्या नाकाशी बोट धरून होती.

ती वाचली. डॉक्टर म्हणाले, हिने संध्याकाळ पाहिली नसती. म्होरक्यावर गुन्हा दाखल झाला, पंथ पांगला.

ती बरी झाल्यावर मी स्वतः तिचा जबाब घेतला. मला वाटलं होतं, डांबलं, धमकावलं असं काही सांगेल. मी विचारलं, कुणी जबरदस्ती केली? तिने मान हलवली. मग तू तयार कशी झालीस? ती चादरीचा काठ दुमडत म्हणाली,

“लहानपणापासून सगळे म्हणायचे, पोरगी किती सोशिक आहे. तिथंही तेच म्हणत होते, साहेब. फक्त पाया पडून म्हणत होते.”

शेजारी तिची बहीण बसली होती. तिने पदर तोंडाला लावला.

मी निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली. लग्नाकार्यात, बारशात अजूनही कुणीतरी कौतुकाने सांगतं, आमची सून फार सोशिक. मंडळी माना डोलावतात. पण मी शेवटी पोलीसच, मला गप्प बसवत नाही. भर पंगतीत मी विचारतो, काय सोसतेय ती?