चिंचेनं घासलेला पैलवान

आमच्या बागेत पुतळे पुष्कळ आहेत, पण सकाळी व्यायामाला येणाऱ्या आम्हा दहा-बारा जणांचा जीव पैलवानाच्या पुतळ्यावर. खाली नाव नाही, त्यामुळे तो सगळ्यांचाच. आल्यावर त्याच्या पायाला हात लावायचा, मग चालायला लागायचं. खंडेनवमीला घरोघरी हत्यारं, गाड्या पुजतात. आम्ही पैलवानाला पुजतो. बागेतून निघताना बाहेरच्या दूध कट्ट्यावर डोळ्यांसमोर पिळलेलं म्हशीचं ताजं दूध.

यंदा हार आणायचं काम माझ्याकडे होतं. तेवढंच करायला हवं होतं. पण दसऱ्याआधी घरी बायको चिंच लावून समया घासत होती, त्या सोन्यासारख्या झळकत होत्या. मला वाटलं, आपला पैलवानही पितळेचाच, त्यानं का मळकं राहावं? खंडेनवमीच्या आदल्या दिवशी दुपारी, बाग सामसूम असताना, मी कसबा बावड्यातल्या घरून स्कूटरवर भिजवलेली चिंच आणि तारेची घासणी घेऊन गेलो. चौथऱ्यावर चढून आधी तोंड घासलं. पाणी ओतलं. पितळी रंग ओघळून गेला होता, आत पांढरंफटक सिमेंट. अकरा वर्षं त्या पायाला हात लावला, पण तो कशाचा आहे हे कधी पाहिलं नव्हतं. मी पळ काढला.

दुसऱ्या दिवशी हार घेऊन गेलो तर मंडळी जमलेली.

"आयला, पैलवानानं पावडर लावलीया की!"

"लगीन ठरलंय वाटतं!"

सगळे हसले. मीही हसलो, इतरांपेक्षा जरा जास्तच. आमच्यातले निवृत्त गुरुजी मात्र तापले होते. "हे माळ्याचंच काम. फरशीचं ॲसिड मारलंय त्यानं." माळीमामा कंत्राटावरचे, तक्रार गेली तर काम जाणार, हे मला ठाऊक होतं. मामा म्हणाले, "म्या न्हाय केलं, गुरुजी," आणि पाण्याचा पाइप ओढत गुलाबांकडे निघून गेले.

तीन दिवसांनी गुरुजींनी कट्ट्यावर मामांच्या तक्रारीचा अर्ज काढला. सह्या झाल्या. कागद माझ्यापुढे आला आणि मीही सही केली, तीही वळणदार. त्या दिवशी दुधाचा पेला तसाच ठेवून मी निघालो. अर्ज दुसऱ्या दिवशी कचेरीत जाणार होता. रात्रभर मला गुलाबांकडे वळलेली मामांची पाठ दिसत राहिली.

सकाळी गुरुजी अर्ज घेऊन गेटाबाहेर पडत होते. मी आडवा गेलो.

"गुरुजी, पैलवानाला मी घासलंय. चिंचेनं."

"चिंचेनं?"

"समया घासतात तसं."

"आन् सही पण केलीस?"

"व्हय."

गुरुजींनी माझ्याकडे असं पाहिलं की आता कान धरतील. मग त्यांच्या पोटातून हसू सुटलं, ते आवरेचना. "आरं, सिमेंटच्या गड्याला चिंच! उद्या माझ्या टकलाला लावशील!" मागची मंडळीही हसत सुटली. मी हसत नव्हतो. मी मामांकडे गेलो आणि म्हणालो, "मामा, माझं चुकलं. सहीसुद्धा केली मी."

मामांनी पाइप खाली ठेवला. "मला म्हायत हुतं. चवथऱ्याखाली चिंचोकं पडलंतं, म्याच झाडलं. आन् त्या दिसापास्नं तुमी पैलवानाच्या पाया पडल्याबिगर जाताय. दुसरा कोण असणार?"

"मग सांगितलं का नाही?"

"मी सांगून कुणाला खरं वाटणार, पावणं? म्हटलं, तुमीच सांगतासा का बघू."

ते हे रागानं बोलले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं.

रविवारी पितळी रंगाचा डबा आणि ब्रश मी आणला, अख्खा पैलवानच रंगवायचा ठरला. मामांनी शिडी धरली. गुरुजींनी चौथऱ्याला डाग पडू नयेत म्हणून डब्याखाली तो अर्जच अंथरला. शिडीवरून मला माझी वळणदार सही दिसत होती, तिच्यावर पितळी ठिपके पडत होते.

"सावकाश," खालून मामा ओरडले. "नाकावरनं वघळ चाललाय!"

"त्येला सर्दी झालीया," गुरुजी म्हणाले.

मी ओघळ पुसला. उतरल्यावर सवयीनं पैलवानाच्या पायाला हात लावला. रंग ओला होता. माझी चार बोटं तिथं उमटली आणि मामांनी ती पुसू दिली नाहीत.