पंखे कुणाचे?

मे महिन्यात नवापूरजवळच्या एका पोल्ट्रीवर मी खाद्याची गाडी खाली करत होतो, तेव्हा ती बाई पाहिली. पुन्हा कधी भेटली नाही. शेडच्या दारात ती कमरेवर हात ठेवून उभी होती आणि पंखे बसवणाऱ्या कंपनीचा माणूस तिला दटावत होता. एका पंख्याची मोटर जळाली म्हणून तिनं बाजारातली मोटर बसवली, तर कंपनीच्या सॉफ्टवेअरनं सगळेच पंखे बंद पाडले. उकाड्यानं कोंबड्या मरू लागल्यावर तिनं एका कारागिराकडून ते सॉफ्टवेअरच बदलून घेतलं होतं.

"परवानगीशिवाय बदलणं गुन्हा आहे. केस होईल," तो म्हणाला.

"करा. मन्ह्या कोंबड्या मरन्यात, तवय तुम्ही फोनबी उचला नही."

"सॉफ्टवेअर बदललंय, आता वीज गेली तर धोक्याची घंटा वाजणार नाही. सगळं शेड जाईल. जबाबदार कोण?"

हे खरं होतं. तिची नजर आत, पक्ष्यांकडे गेली.

"मी," ती म्हणाली. "म्हनीसन मी आठेच खाट टाकेल शे." रात्री राखणीला झोपण्यासाठी तिची खाट खरंच शेडच्या दारालगत होती.

कारागिराचं नाव सांगितलं तर तिला सोडू, असं त्यानं सुचवलं. तिनं नकारार्थी मान हलवली. कायद्यात कोण बरोबर, ते मला आजही ठामपणे सांगता येत नाही. तो पुराव्यासाठी पंखे चालवणाऱ्या यंत्राचा फोटो काढू लागला, तशी ती पदर सावरून यंत्राशेजारी जाऊन उभी राहिली.

"मन्हाबी फोटो काढा. कोनी करं, असं कोर्टमा इचारतीन, तवय हाईच तोंड दखाडा."