गॅलरीत बोलायचं नाही

डिसेंबर लागला की नागपूरला सरकार येतं. यावंच लागतं. एकेकाळी हे शहर राजधानी होतं, मध्य प्रांताची विधानसभा इथेच भरायची. ती राजधानी जाण्याआधी इथल्या जुन्या पुढाऱ्यांनी करारात लिहून घेतलं होतं, की वर्षातून एक अधिवेशन तरी नागपुरात झालंच पाहिजे. तेव्हापासून दर हिवाळ्यात मुंबईहून फायलींचे गठ्ठे येतात, रस्त्यावरचे खड्डे रातोरात बुजतात, दुभाजकांना रंग लागतो, आणि हुरडा खाऊन, संत्र्यांच्या पेट्या बांधून मंडळी परत जातात. नागपूरकर या प्रकाराला सहल म्हणतात. तरी तिची वाट पाहतात, कारण तेवढे दिवस पुष्कळ गरिबांच्या हाताला काम लागतं.

नागपुरातल्याच इंदोरा वस्तीतल्या सरिता मेश्रामला असंच काम लागलं होतं. वर्षभर ती रामदासपेठेतल्या एका खाजगी दवाखान्यात आया. डिसेंबरात तिथून रजा टाकायची आणि विधान भवनात हंगामी मदतनीस म्हणून हजर व्हायचं, हा तिचा कित्येक वर्षांचा नेम. ड्यूटी विधानसभेच्या प्रेक्षक गॅलरीत, बायकांच्या बाजूला. काम म्हणाल तर एकच, आलेल्या बायकांना गप्प बसवणं. खाली निवडून गेलेली माणसं बाकं बडवणार, कागद फाडणार, अध्यक्षांच्या पुढ्यात जाऊन घसा फोडणार. वर ज्यांनी त्यांना निवडून दिलं, त्यांनी टाळीसुद्धा वाजवायची नाही. पायावर पाय नको, डुलकी नको, शेजारणीच्या कानात कुजबुज नको. लोकशाहीत लोकांची बसायची जागा ही अशी आहे, आणि तिथे बसायलाही पास लागतो.

सरिता या कामात वाकबगार होती. बाई उठण्याआधी तिचा खांदा उठतो, हे तिला ठाऊक होतं. मग ती मागून येऊन त्या खांद्यावर हलकेच हात ठेवायची. बहुतेक बायका तेवढ्यानंच बसायच्या. न बसणारीला खाली दाबायचं आणि तोंडाशी हात न्यायचा, दवाखान्यात टाके घालताना ओरडणाऱ्या पेशंटला धरतात तसं. अंगणवाडीच्या बायका आल्या, धरणात गाव गेलेल्या बायका आल्या, पोरीवर अत्याचार झालेली एक आई आली. सगळ्यांना सरितानं गप्प बसवलं. तिला वाईट वाटायचं नाही असं नाही. पण आपल्या बाजूनं आजवर खाली आवाज गेला नाही, याचा तिला अभिमानही होता, तो का नाकारायचा. मुंबईहून येणाऱ्या कामिनी मॅडम, म्हणजे गॅलरीच्या मुख्य, दरवर्षी तिलाच मागून घ्यायच्या.

तिचा नवरा नत्थू दारूनं गेला. कावीळ झाली, पोट फुगलं, आणि मेयो हॉस्पिटलच्या कॉटवर हाडं तेवढी उरली. मुलगा धम्मदीप तेव्हा दहावीत होता. त्यानं बापाचे ते दिवस पाहिले आणि दारूचं नावच टाकलं. एका लग्नात मित्रांनी आग्रह केला तर वरातीतून निघून आला. खोकल्याचं औषधसुद्धा वास घेऊन प्यायचा. आयटीआय करून तो मौद्याकडच्या एका राइस मिलमध्ये बॉयलरवर लागला. बायको जया, एक लहान मुलगी, हप्त्यावर घेतलेली गाडी. सरिताला वाटलं, आता आपलं निभावलं.

मागच्या उन्हाळ्यात तो बॉयलर फुटला. धम्मदीप गेला, सोबत बिहारचा एक मजूर गेला. बॉयलरचा वाल्व अडकतो हे धम्मदीपनं मालकाला वारंवार सांगितलं होतं, घरी येऊन जयाजवळही बोलला होता. मालकानं मात्र दुसऱ्या दिवशीच बातमी पसरवली, की पोरगा पिऊन आला होता, झोपला, आणि स्वतःबरोबर दुसऱ्यालाही घेऊन मेला. चौकशीला आलेला साहेब वस्तीत फिरला, जयाच्या दारात मात्र आला नाही. बाप दारूनं मेला एवढं त्याला कोणीतरी सांगितलं आणि त्याचं काम सोपं झालं. ज्या पोरानं बापापायी थेंब शिवला नाही, त्याच्याच कपाळी बापाची दारू मारली. माणूस मेल्यावर त्याच्यावर इतका घाण आळ घ्यायला या लोकांची जीभ तरी कशी वळते?

जया हटली नाही. ती त्या भागातल्या आमदाराच्या दारात जाऊन बसायची. आमदार तरुण होता, विरोधी बाकावरचा होता, आणि त्याला विषय हवाच होता. त्यानं लक्षवेधी सूचना दिली. लक्षवेधी म्हणजे आमदारानं एखाद्या गंभीर गोष्टीकडे मंत्र्याचं लक्ष वेधायचं आणि मंत्र्यानं सभागृहात उत्तर द्यायचं. तिथे दिलेलं उत्तर कामकाजात नोंदलं जातं. मग खालचं प्रत्येक कार्यालय तेच उत्तर पुढे करतं. आमदारानं जयाला साफ सांगितलं होतं, "ताई, मंत्री तिथे एकदा जे म्हणतील ते पक्कं होईल. चांगलं म्हणाले तर चांगलं, वाईट म्हणाले तर वाईट." त्यानंच तिला गॅलरीचा पास काढून दिला.

लक्षवेधी लागली त्याच्या आदल्या संध्याकाळी सरितानं सुनेला समोर बसवलं.

"हे पाह्य जया, तिथं हुंकारबी द्यायचा नाही. रडू आलं तं पदर तोंडात घालजो. आन् मी तुही कोण लागते हे कोणाले सांगू नको. आपल्या माणसाले गॅलरीत आणलं म्हणून मॅडम मले काढून टाकन."

"मी कायले बोलू?" जया म्हणाली. "मले फक्त ऐकायचं आहे आई. ते काय म्हणते ते माया कानानं ऐकायचं आहे."

दुसऱ्या दिवशी जया पांढरी साडी नेसून पहिल्या ओळीत बसली. सरिता तिच्या मागे भिंतीशी उभी राहिली, नेहमीच्या जागी. प्रश्नोत्तरं गोंधळात वाहून गेली. मग सभागृह अर्धं रिकामं झालं, चहाला गेलं. बाकांवर थोडेच जण उरले असताना अध्यक्षांनी लक्षवेधी पुकारली.

आमदार उभा राहिला आणि मुद्द्याचं बोलला. बॉयलरची तपासणी कधी झाली, वाल्वची तक्रार होती का, मालकावर गुन्हा का नाही. मंत्र्यानं समोरचा कागद वर केला. "अध्यक्ष महोदय, निवेदनाच्या प्रती सन्माननीय सदस्यांना वाटलेल्या आहेत. चौकशीअंती असं दिसून आलं आहे की, सदर कामगारानं कर्तव्यावर असताना मद्यप्राशन केलेलं होतं."

 सरितानं जयाच्या पाठीकडे पाहिलं. पाठ ताठ होती, हलली नाही.

"शवविच्छेदनात दारूचा उल्लेखच नाही, मंत्री महोदय," आमदार म्हणाला. "आणि मृताची पत्नी आज इथेच वर..."

"गॅलरीचा उल्लेख सदस्यांना करता येत नाही," अध्यक्षांनी अडवलं. "तेवढं कामकाजातून काढून टाका. थोडक्यात प्रश्न विचारा."

"मग मी विचारतो, मृताच्या घरच्यांचं म्हणणं चौकशीत घेतलं का?"

मंत्र्यानं मागे वळून अधिकाऱ्याकडून चिठ्ठी घेतली. "घेतलेलं आहे. कुटुंबीयांनी या निष्कर्षाला कोणतीही हरकत घेतलेली नाही."

जयाचा खांदा उठला.

सरिताला तो दिसला आणि ती पुढे झाली. जया कठड्याला धरून उभी राहत होती, "नाही, तो..." एवढं तिच्या तोंडून निघालं होतं. सरिताचा एक हात खांद्यावर पडला, दुसरा तोंडावर. तिनं सुनेला खाली दाबलं, खुर्चीत बसवलं, आणि तळव्याखाली जयाचे ओठ हलत होते ते थांबेपर्यंत हात काढला नाही. जयानं तिच्या मनगटाला धरलं, ओढलं, मग सोडून दिलं. नोकरीच्या भीतीनं केलं म्हणावं, तर तेही खरं नाही. त्या क्षणी सरिताच्या डोक्यात नोकरी नव्हती, मुलगाही नव्हता. समोर एक बाई उठत होती आणि इतकी वर्षं जे केलं तेच हातांनी केलं.

खाली आमदारानं वर पाहिलं. त्याला हरकत हवी होती. एक आवाज जरी आला असता, तर कुटुंबाची हरकत नाही हे त्यानं तिथल्या तिथे खोटं पाडलं असतं. सभागृहानं गोंधळ घातला असता, पत्रकारांनी लिहिलं असतं, मंत्र्याला ते वाक्य तरी मागे घ्यावं लागलं असतं. पण गॅलरीत सगळ्या बायका गप्प बसल्या होत्या. त्याच्या डोळ्यांना एक मदतनीस कोण्या बाईपुढे वाकलेली तेवढी दिसली. तो खाली बसला.

"पुढची लक्षवेधी," अध्यक्ष म्हणाले.

कामिनी मॅडम दारातून पाहत होत्या. जवळ येऊन हळूच म्हणाल्या, "छान सांभाळलंस सरिता. आवाजसुद्धा गेला नाही बघ खाली." सरितानं मान डोलावली. जया उठून निघाली. तिच्या गालावर बोटांचे वळ होते. आपल्यामागे सासू येते का, हेही तिनं पाहिलं नाही.

त्या आमदाराकडे जया पुन्हा एकदा गेली. तो ओशाळला होता, पण त्याचाही नाइलाज होता. "आता ते नोंदलं गेलं ताई. पुढचं अधिवेशन मुंबईला आहे, तेव्हा बघू," तो म्हणाला. कामगार कार्यालयातल्या बाबूनं तर अर्ज हातातही घेतला नाही. सभागृहात खुलासा झालेला आहे, बाई, आता आम्ही काय करणार, असं म्हणून त्यानं पुढच्या माणसाला बोलावलं. मिलचा मालक मोकळा झाला. मौद्यात आणि इंदोऱ्यात, जो तो धम्मदीपचं नाव काढताना आवाज खाली करू लागला.

घरात दोघी एकमेकींशी बोलायच्या, पण कामापुरतं. भाजी संपली, पोरगी तापली, गॅस लावून घे. जया भांडली असती तर सरिताला बरं वाटलं असतं. ती भांडली नाही. आपल्या मुलाच्या बाजूनं उठलेलं एकच तोंड आपणच आपल्या हातानं बंद केलं, हे सरिताला उठता-बसता कळत होतं, आणि ते बोलून दाखवायला तिला तोंड नव्हतं.

अधिवेशन संपून विधान भवनाला कुलूप लागलं. त्या रविवारी जया गॅसपाशी भाकरी थापत होती. सरिता दारात येऊन उभी राहिली.  आणि एकदम, शेजारी ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणाली,

"तो पेत नव्हता वं. माया पोरानं कधी थेंब घेतला नाही."

जयानं तव्यावरची भाकरी उलटली आणि वर न पाहता म्हणाली, "हे मले काहून सांगून राहिल्या आई? मले तं माहीतच आहे."