न पाहिलेल्या नणंदेची पाठवणी

माझी नणंद मी लग्न होऊन यायच्या कितीतरी आधी, सहा वर्षांची असताना तापानं गेली होती. लोकांच्या नणंदा जिवंतपणी जाच करतात, माझीनं मेल्यावर केला. तिच्या वेण्या घालायच्या, दप्तर भरायचं, बोरं खाऊन खोकला झाला की काढा पाजायचा. हे सगळं तोंडानं, कारण आमच्या घरात थारा होता.

थारा म्हणजे काय हे आता पोरांना सांगावं लागतं. जालन्याच्या दुकानातून आणलेली पत्र्याची पेटी, टीव्हीच्या स्टॅबिलायझरएवढी. तिचं छापील नाव लांबलचक होतं. आमच्या जाफराबादकडं सगळे थाराच म्हणायचे. स्टॅबिलायझर विजेला आवरतो, हा स्वप्नाला आवरायचा. एकानं पेटीचा पट्टा कपाळाला बांधून झोपायचं, दुसऱ्यानं उशाशी बसून गोष्ट सांगायची. झोपणारा त्या गोष्टीत जाऊन वावरायचा, आणि एकदा सांगितलेलं पुढच्या खेपेला जागच्या जागी असायचं. न सांगितलेलं मात्र नसायचंच. हिरवा दिवा म्हणजे गोष्ट बसली, लाल म्हणजे हलली.

पट्टा सासूबाईंच्या कपाळाला, आणि दुपारची जेवणं झाली की सांगायचं मी. नवऱ्यानं पेटी आणून दिली खरी, पण गोष्ट सुरू झाली की तो शेताकडं निघून जायचा. बहीण गेली तेव्हा तो तिच्याहून थोडाच मोठा होता. त्या विषयावर त्याच्याशी बोलायची सोय नव्हती.

पहिल्या दिवशी मी घर सांगितलं, अंगण सांगितलं, पोरगी सांगितली आणि छप्पर विसरले. सासूबाई उठल्या त्या कावलेल्याच. पोरगी उन्हात करपून राह्यली म्हणे. पुढं एकदा चुलीत जाळ घालायचा राहिला, तर आठवडाभर मला ऐकवत होत्या. माझी स्वतःची पोरं जेवली का उपाशी, हे कुणी विचारत नव्हतं. चेहरा मात्र मला कधी सांगावा लागला नाही, तो त्यांच्याकडंच होता. मी वय वाढवत नेलं तसा तो मोठा होत गेला, असं त्या म्हणायच्या. खरं सांगते, मला जाम कंटाळा यायचा. पण तिला सातवीत पास केलं त्या दिवशी मलाच बरं वाटलं.

असं कैक वर्षं चाललं आणि मग थारा बिघडला. दिवा मधेच लाल व्हायचा आणि शेतात कापूस वेचणारी तरणी पोरगी एकदम सहा वर्षांची होऊन तापानं फणफणायची. सासूबाई दचकून उठायच्या, पट्टा ओरबाडून काढायच्या आणि दिवस मावळेपर्यंत कुणाशी बोलायच्या नाहीत. पोरगी दुसऱ्यांदा जाणार, या धास्तीनं त्यांचं जेवण तुटलं. नवरा पेटी घेऊन जालन्याला गेला. दुकानदार म्हणाला, आतला भाग येणं बंद झालंय, लोकांना आता टीव्ही पुरतो. पेटी पुरती बंद पडायच्या आत गोष्ट नीट संपवा. संपलेली गोष्ट हलत नाही, सोडली तिथं सुखानं राहते. फक्त परत आत जाता येत नाही.

पोरगी जिवंत राहून घरातून जाते ती आपल्याकडं एकाच वाटेनं. मी म्हटलं, तिचं लग्न लावू. सासूबाईंनी बरेच दिवस ताणून धरलं. पोरगी लहान आहे म्हणे. मी म्हटलं, अठरा कधीच उलटली, मीच तर मोठी केली. मग अटी सुरू झाल्या. दारात पाणी पाहिजे, एसटीनं जाऊन येता आलं पाहिजे, सासू खाष्ट नको. शेवटच्या अटीवर मी गप्प बसले. धावड्याचं स्थळ त्यांनीच काढलं. तिथं आमचं ना कुणी सोयरं, ना धायरं.

लग्न मी जीव ओतून सांगितलं. मांडव, हळद, अक्षता, पंगतीतलं वरण, रुसलेले मामा, काही सोडलं नाही. दिवा हिरवाच राहिला. पाठवणीला सासूबाईंच्या मिटल्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. तेव्हा माझ्या तोंडून निघून गेलं, जे पोरीला गाडीत बसवताना आपल्यात प्रत्येक बाई म्हणते: रडू नको, पंचमीला भाऊ येईल न्यायला. मग सुफळ संपूर्ण म्हणून मी बटण बंद केलं. पेटी पुन्हा लावली नाही.

सासूबाई जेवायला लागल्या, घर ताळ्यावर आलं. पण पंचमी तोंडावर आली तसं त्यांनी लेकाला समोर बसवलं आणि बहिणीला आणायला मुराळी म्हणून धावड्याला जा, असं सांगितलं. आता हा आईला काहीतरी तोडून बोलणार, असं वाटलं. मी मधे पडले. आत्याबाई, ती गोष्ट होती, असं म्हटलं.

"मी काय येडी न्हाई," त्या म्हणाल्या. "ती न्हाई, मला ठावं हाये. पण पोरीला शब्द दिलाय ना आपण? ती वाट बघून राह्यली आसंल."

नवरा आईनं दिलेली साडीचोळी आणि बांगड्या पिशवीत घालून पंचमीच्या आदल्या दिवशी सकाळच्या गाडीनं गेला. मला वाटलं, भोकरदनच्या स्टँडवर चहा पिऊन माघारी येईल. दिवेलागणीला आला. हातपाय धुऊन आईजवळ बसला. पोरगी सुखात आहे, पण निंदणीची घाई आहे, सासरचे यंदा पाठवत नाहीत, असं सांगितलं. साडी आवडली का, सासूबाईंनी विचारलं. लई आवडली, म्हणाला. मंग बरं, म्हणून त्या आडव्या झाल्या आणि निवांत झोपल्या.

पिशवी रिकामी होती. साडी चांगली होती, म्हणून मी त्याला जरा रागानंच विचारलं, कुठं टाकून आलात.

"धावड्याच्या स्टँडवर एक बाई सकाळपासून पिशवी भरून बसल्ती," तो म्हणाला. "माझी परतीची गाडी सुटायला आली तरी तिचा भाऊ आला न्हाई. तिला दिली."