बोलपटकाका

काकांनी खून केला की आमचा हॉल टाळ्या वाजवायचा. खून पडद्यावरचा, पण मला त्या टाळ्यांची किळस यायची.

माणिकपूरच्या आमच्या सोसायटीत दर गणपतीत एक छोटासा जुना मूकपट दाखवत. लॅपटॉप सेक्रेटरींचा, आवाज काकांचा. म्हणून ते बोलपटकाका. गोष्ट एवढीच: जमीनदाराची मुलगी गड्याच्या प्रेमात पडते आणि तिचा भाऊ गड्याला विहिरीत ढकलतो. काका भावाला भारदस्त आवाज द्यायचे, गड्याला बोबडा. तो बुडताना बोबडं "वाचवा" म्हणायचा आणि पोराटोरांसकट सगळे खो खो हसायचे. मुलीचे ओठ नुसतेच हलायचे. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "ती काय बोलनार, वहिनी? तिनंच तर घरान्याची घान केली." शी!

माणूस वाईट नव्हता, हीच पंचाईत. खाडीकाठची शेती बिल्डरला देऊन आमच्या वरच्या मजल्यावर आलेले. उरलेल्या तुकड्यातल्या शेवग्याच्या शेंगा न मागता दारात ठेवायचे. माझे मिस्टर अंथरुणाला खिळले होते तेव्हा रोज येऊन, पुढाऱ्यांचे आवाज काढत, त्यांना पेपर वाचून दाखवायचे.

त्यांच्या मुलीचं, नयनाचं, होळी गावच्या एका ख्रिस्ती बागायतदाराच्या मुलावर, रॉबर्टवर, प्रेम होतं. अख्ख्या बिल्डिंगला ठाऊक. त्या वर्षी काकांनी गड्याला हुबेहूब रॉबर्टचा आवाज दिला. "वाचवा, अंकल!" लोक नेहमीपेक्षा जास्त हसले.

नयना खुर्चीवरून उठली. पडद्यावर मुलगी भावापुढे ओठ हलवत होती. नयना तिच्या वतीनं बोलली, "दादा, तू त्याला मारलास. आता मलापन ढकल, नायतर वाट सोड." चपला घालून जी गेली ती गेलीच. काका माइक धरून नुसते उभे.

लग्न करून दोघं तुळिंजला भाड्याच्या खोलीत राहिली. पत्ता फक्त मला माहीत होता.

काका खंगत गेले. एकदा दारात येऊन म्हणाले, "वहिनी, पोरीला लांबूनच बघीन. कुठे ऱ्हाते, सांगा." डोळे भरलेले, आवाज कापरा. खराही असेल. पण या माणसाचे किती आवाज मी ऐकले होते! मी माहीत नाही म्हटलं. दुसऱ्या दिवशी दारात शेंगा होत्याच.

गेल्या पावसाळ्यात काका वारले. मी नयनाला फोन केला.

"मला बघायला यायचं म्हनाले होते कधी?" तिनं विचारलं.

"म्हणाले होते. मी पत्ता दिला नाही."



"बरं केलंत, काकी," म्हणाली, आणि हमसून हमसून रडायला लागली.