बोरसेकाकांचा फर्स्ट पीस

बोरसेकाका ताटातली भाकरी मोजायचे. किती खाल्ल्या ते नाही, किती जाड झाली ते. लोक खिशाला पेन लावतात तसं त्यांच्या खिशातून व्हर्निअर डोकावायचं, कारखान्यात जाडी-रुंदी मोजायची ती जबड्याची पट्टी. भाकरी समोर आली की एका कडेला एकदा, दुसऱ्या कडेला एकदा जबडा लावायचा आणि स्वयंपाकघराकडे तोंड करून निकाल द्यायचा, "निर्मला, डावीकडे पॉइंट तीन जास्त आहे." आतून काकूंचं उत्तर ठरलेलं असायचं. "मग डावीकडची ठेवा, उजवीकडची खा."

मी लग्न होऊन सातपूरला त्यांच्या शेजारच्या घरात आले आणि तिसऱ्याच दिवशी साखर मागायला गेले. "अंदाजे वाटीभर द्या," म्हटलं. काका खुर्चीत ताठ झाले. "अंदाजे? वाटी कुठली, तुमची का आमची?" मग त्यांनी तराजू काढला, माझ्यासमोर दीडशे ग्रॅम साखर तोलली आणि कागदाच्या पुडीवर आकडा घालून माझ्या हातात दिली. नव्या सुनेला कोणी तोलून साखर दिली तर तिला राग येणारच, मलाही आला. दुसऱ्या दिवशी मी दीडशे ग्रॅम साखर परत केली, तर ती त्यांनी पुन्हा तोलली आणि म्हणाले, "पाच ग्रॅम जास्त आलीय. घेऊन जा." तिथून आमचं जे जमलं ते जमलंच.

काका एमआयडीसीतल्या एका कंपनीत टूलरूमला होते. साचे, डाय, असलं नाजूक काम. त्यांच्या बोलण्यात एक शब्द सारखा यायचा, फर्स्ट पीस. मशीन लावलं की पहिला नग काढायचा आणि इन्स्पेक्टरकडे न्यायचा. त्यानं ओके म्हटलं की टूलरूमचं काम संपलं, पुढचे हजार नग कोणीही काढेल. नाही म्हटलं तर परत मशीनपाशी. "जॉब रिजेक्ट झाला तर इन्स्पेक्टरवर चिडायचं नाही, वैशाली," ते मला सांगायचे. "सेटिंग बघायचं." मी त्यांना सासूबाईंबद्दल काही सांगायला गेले तरी हेच ऐकवायचे.

नव्वदीच्या मध्यावर ती कंपनी बंद पडली. एका सोमवारी सगळे पहिल्या पाळीला गेले तर गेटला कुलूप. पुढे महिनाभर काका रोज पहाटे उठून, युनिफॉर्म घालून, डबा घेऊन जायचे आणि गेटसमोरच्या लिंबाखाली बसून दुपारी परत यायचे. मग तेही थांबलं. खुर्ची भिंतीकडे वळवून ते दिवसभर बसून राहायला लागले. दाढी नाही, पेपर नाही. काकू सटाण्याकडच्या, एरवी कशाला भिणाऱ्या नव्हेत. पण एक दिवस मागच्या दारी येऊन मला म्हणाल्या, "वैशाली, दोन महिने झाले, यांनी भाकरी मोजली नाही गं." आणि ओट्यावर बसून रडल्या. त्यांचं ते वाक्य ऐकून हसावं का रडावं ते मला कळेना, म्हणून मीही त्यांच्याबरोबर रडून घेतलं.

त्याच आठवड्यात मी हौसेनं मॅकरोनी केली होती. उन्हाळी क्लासला शिकले होते: लोण्यात मैदा परतायचा, दूध घालून दाटसर व्हाइट सॉस करायचा, त्यात उकडलेली मॅकरोनी आणि वरून किसलेलं चीज. घरात सासऱ्यांनी "ही पांढरी आमटी कशाची?" असं विचारल्यामुळे बरीच उरली. एक वाडगा काकूंकडे नेला. काकांनी चमचा तोंडाजवळ नेला आणि थांबले. एक नळी बोटांनी उचलली, पुसली, उजेडाकडे धरून तिच्यातून आरपार बघितलं. मग उठले, खुंटीवरच्या युनिफॉर्मच्या खिशातून व्हर्निअर काढलं आणि जबडा लावला. "बाहेरून सहा. भिंत सव्वा," ते म्हणाले. "आत पोकळ. हे काढतात कसं?"

काकू दारात उभ्या होत्या. चीजचा वास त्यांना इतका असह्य झाला होता की नाकाला पदर होता. पण तो पदर त्यांनी माझ्यादेखत खाली सोडला आणि ठणकावून म्हणाल्या, "मला आवडलं हे. मला पाहिजे. पण विकतचं नको, तुम्ही घरी करून द्या." काका म्हणाले, "मी?" काकू म्हणाल्या, "तर काय, तो भिंतीवरचा देव करून देईल?"

दुसऱ्या दिवशी काकांनी दाढी केली. मित्राच्या वर्कशॉपमध्ये जाऊन पितळेचा तुकडा आणला आणि आमच्या सगळ्यांच्या घरी शेव-चकलीचा जो सोऱ्या असतो त्यात बसेल अशी चकती बनवायला घेतली. नळी पोकळ निघायची तर भोकाच्या मध्यभागी एक पिन हवी, आणि ती पिन कशाला तरी धरून हवी. पहिल्या चकतीत ती धरणारी पट्टी अगदी तोंडाशी आली, त्यामुळे प्रत्येक नळी उभी चिरून दोन भागांत बाहेर पडली. काकूंनी ताटाकडे बघितलं. "ही मॅकरोनी नाही, पन्हळ शे," त्या म्हणाल्या. रागावल्या किंवा खुशीत आल्या की त्यांच्या बोलण्यात 'आहे'च्या जागी सटाण्याचा 'शे' यायचा. त्या दिवशी कुठला होता ते मला ओळखू आलं.

चौथ्या चकतीत नळी सबंध निघाली. काकांनी बारीक रवा घट्ट मळला, अर्धा तास झाकून ठेवला आणि सोऱ्या असा पिळला की कपाळावरची शीर दिसायला लागली. मॅकरोनी गच्चीवर धोतरावर वाळत पडली. कुरडया घातल्या की बायका कावळे हाकलतातच, पण काकांनी वैर धरलं. छत्री लावून, काठी घेऊन, ते दिवसभर पहाऱ्याला बसायचे. एका लंगड्या कावळ्यानं त्यांच्या डोळ्यांदेखत सहा नळ्या नेल्या, तर संध्याकाळी मला गंभीरपणे म्हणाले, "सगळ्या साइझमधल्याच नेल्या त्यानं. वाकड्या तशाच ठेवल्या."

व्हाइट सॉसला मी गुरू होते, पण दोन दिवसच. पहिल्या दिवशी सॉसमध्ये गुठळ्या झाल्या, काका म्हणाले, "बर राहिलाय," म्हणजे धातू कापल्यावर कडेला राहते ती खरखर, आणि सॉस चहाच्या गाळणीतून गाळला. दुसऱ्या दिवशी मी "दूध थोडं थोडं घाला" म्हटलं, तर "थोडं म्हणजे किती एमएल?" असं विचारून त्यांनी मला माझ्याच शिकवणीतून काढून टाकलं. औषधाचं माप घेऊन ते स्वतः उभे राहिले. पहिली बशी तयार झाली तेव्हा ती दोन्ही हातांनी धरून, चपला काढून, काकूंसमोर नेऊन ठेवली. "फर्स्ट पीस," म्हणाले आणि बाजूला उभे राहिले.

मी आधीच चाखून बघितली होती. खोटं कशाला सांगू, क्लासच्या बाईंना जन्मात जमली नसती अशी झाली होती. सॉस सायीसारखा, प्रत्येक नळी आतून भरलेली. काकूंनी डोळे मिटून घास गिळला. मग म्हणाल्या, "मीठ कमी शे. अन् जाड शे." काकांनी मान डोलावली, बशी उचलली आणि आत गेले. मी काकूंना कोपऱ्यात गाठलं. "काकू, अहो, काय कमी होतं त्यात?" त्या तोंडात लवंग टाकत म्हणाल्या, "काही नाही. पण ओके म्हटलं तर उद्या सकाळी ते काय करतील, सांग मला." "तू मात्र तोंड उघडायचं नाही," त्यांनी बजावलं, आणि मी, जिच्या तोंडात तीळ भिजत नाही असं सासूबाई जाहीरपणे सांगतात, ती मी गप्प राहिले.

मग दर रविवारी इन्स्पेक्शन. एकदा चीज जास्त, एकदा कमी. एकदा सॉस सैल, एकदा इतका घट्ट की "यात वीट बसेल." कारणं संपली की काकू माझ्याकडे उसनी मागायला यायच्या. मी "मिरपूड पुढे येते" असं एक दिलं होतं, ते तीन महिने पुरलं. आणि दर वेळी त्यांना सगळी बशी संपवावी लागायची, कारण काकांचा नियम होता की नमुना पूर्ण तपासल्याशिवाय रिजेक्ट करता येत नाही. ज्या बाईला चीज म्हणजे ओला साबण वाटायचा, ती दर रविवारी बशीभर साबण खायची आणि नंतर आमच्याकडे येऊन लसणाची चटणी नुसती चाटायची.

काका सावरले. चकत्यांची गोष्ट कॉलनीत पसरली. कोणाला बारीक शेवेची हवी, कोणाच्या चकलीला काटे येईनात. पिंपळगावहून एक बाई तर चकलीचा सोऱ्या पिशवीत घालून एसटीनं आल्या. काकांनी मागच्या अंगणात पत्रे टाकून जुनं छोटं लेथ घेतलं. भाकरी पुन्हा मोजली जाऊ लागली. आता काकूंनी ओके म्हणायला काहीच हरकत नव्हती. मी तसं म्हटलंही. पण त्या म्हणाल्या, "राहू दे गं. सवय झालीय त्यांना." एव्हाना काकूंचं वजन आठ किलोनं वाढलं होतं.

असाच एक रविवार. काकू तोंड धुवायला गेल्या होत्या आणि काका रिकामी बशी घेऊन माझ्याजवळ आले. हळूच म्हणाले, "आज 'चकाकी नाही' म्हणाली. मॅकरोनीला चकाकी. तू दिलंस का हे?" मी चाचरले. तसे ते हसले. "अगं, तिला चीज आवडत नाही. तीस वर्षं संसार केला, एवढं कळत नाही मला? पहिल्या दिवशीच कळलं होतं." मी म्हटलं, "मग बंद का करत नाही?" त्यांनी बशीवरून बोट फिरवलं, चाखलं. "इन्स्पेक्टरला कारण विचारायचं नसतं. तिनं माझ्यासाठी एवढं गिळलं, मी करायलाही नको? तू बोलू नकोस मात्र." झालं. आता माझ्या तोंडात दोन तीळ.

बारा वर्षं चाललं हे. मग एका सकाळी, चहा घेता घेता, काका गेले. सगळी कॉलनी रडली, काकू रडल्या नाहीत. पुण्याचा मुलगा सुनील आला, त्यालाच त्यांनी धीर दिला. मला त्यांचं ते कोरडं तोंड बघवेना.

दहाव्याला रामकुंडावर गेलो. काकू हट्टानं आल्या, मांडीवर स्टीलचा डबा घट्ट धरून. पिंड मांडला, पण कावळा शिवेना. समोरच्या कठड्यावर पाच-सहा बसले होते, बघत होते, येत नव्हते. सुनील म्हणाला, "आईला मी सांभाळीन." कावळे हलले नाहीत. कोणी म्हणालं लेथ विकणार नाही म्हणा, तेही म्हणून झालं. एक म्हातारा नातेवाईक पुटपुटला, "आयुष्यभर काठीनं हाकलले, आता कसे येतील?" तासभर गेला. गुरुजींनी दर्भाचा कावळा करायला घेतला.

तेव्हा काकू उठल्या. डबा उघडला. काकांच्या हातची शेवटची वाळवलेली मॅकरोनी, त्या सकाळी त्यांनी स्वतः सॉस करून शिजवलेली. गुरुजी "अहो, हे काय" म्हणेपर्यंत त्यांनी ती पिंडाशेजारी पानावर वाढली, हात जोडले आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "ओके शे. पहिल्या दिवशीच ओके व्हती."

त्या मागे सरल्या आणि कावळा आला. तोच लंगडा होता असं सुनील अजून सांगतो. मी नीट बघितलं, दोन्ही पाय धड होते. पण पहिली चोच पिंडालाच लागली, हेही मी बघितलं.

परतताना रिक्षात काकूंनी माझा हात धरला. "वैशाली, मी इतकी वर्षं खोटं बोलले. त्यांना वाईट वाटलं असेल का गं?" मग मी ठरवलं, पुरे झालं. म्हटलं, "काकू, त्यांना पहिल्यापासून माहीत होतं. तुम्हाला चीज आवडत नाही हेसुद्धा." आणि काका काय म्हणाले होते ते शब्दन् शब्द सांगितलं.

काकूंनी तोंड बाहेर वळवलं. शालिमार चौक गेला, सीबीएसचा स्टँड गेला. मग त्यांनी पदर तोंडाला लावला आणि दहा दिवसांचं रडू एकदम फुटलं. रिक्षावाल्यानं घाबरून रिक्षा बाजूला घेतली. हुंदक्यांमधून त्यांचं एकच वाक्य ऐकू येत होतं.

"माहीत व्हतं तर एखाद्या रविवारी तरी पिठलं करायचं व्हतं ना त्या माणसानं."